पशुवैद्याच्या नावाला उठलेला माणूस

कुनिबर्ट लीसेमने खुन्याचं नाव वर्तमानपत्राला विकलं आणि त्या पैशातून आईला इस्त्रीचं मोठं यंत्र घेऊन दिलं, अशी कुजबुज आमच्या गल्लीत वर्षानुवर्षं चालली. कुजबुज म्हणजे कशी, तर माझ्या टपरीच्या खिडकीत कोपर टेकून, सिगारेटचं पाकीट मागता मागता, एकदम आवाज खाली आणून. कोलोनमध्ये कुणी आवाज खाली आणला की समजावं, आता ही गोष्ट संध्याकाळच्या आत ऱ्हाइनच्या पलीकडे पोचणार.

मला चहाड्यांचं वावडं नाही. कोलोनच्या निप्पेस भागात नाक्यावर टपरी चालवायची आणि चहाड्यांचं वावडं ठेवायचं, म्हणजे खाटकाने माळ घालण्यातला प्रकार. पाद्रीबाबांनी उपासाच्या दिवसांत सॉसेज कुठे लपवलं, शिंप्याच्या बायकोला बॉनहून कुणाचे फोन येतात, हे सगळं माझ्याकडे पेपरच्या आधी येतं आणि मी ते जरा मोहरी लावून पुढे देतो. पण चहाडीलाही इमान असतं. ज्याच्याविषयी बोलायचं त्याला समोर येऊन हसायची, चार शिव्या द्यायची सोय ठेवावी लागते. कुनीच्या बाबतीत आमच्या लोकांनी केली ती चहाडी नव्हती, तो शुद्ध हलकटपणा होता. तो आठवला की अजून माझ्या तोंडातली बिअर आंबट होते.

आणि ते यंत्र. स्टेशनजवळचं एक हॉटेल बंद पडलं तेव्हा तिथून ते निघालं होतं, तेही या सगळ्या भानगडीच्या आदल्या वर्षी. गल्लीतल्या चौघांनी ते दोरांनी बांधून जिन्यावरून चढवलं. त्या चौघांत बिअरवाला ड्रोसियस स्वतः होता; त्याची पाठ धरली म्हणून आठवडाभर तो कण्हत होता. पण अफवा पसरवायची वेळ आली तेव्हा त्याच्या पाठीला काही आठवेना.

पुढे शुक्रवारच्या खुनाच्या मालिकांमध्ये जो लांबोडक्या चेहऱ्याचा, कमी बोलणारा खुनी घराघरात ओळखीचा झाला, तो हाच कुनी. पण ती म्युनिकची गोष्ट, आणि तिथे त्याचं कौतुक करायला पुष्कळ लोक आहेत. मी सांगतोय ती त्याच्या आधीची, तो आमच्यात राहत होता आणि सिनेमात नुसता मरत होता तेव्हाची.

त्याची आई सिबिला, सगळ्या गल्लीची बिलामावशी. नवरा रशियाच्या बर्फात गेला, मागे हे एक पोर आणि एक इस्त्री. बिलामावशीने घडी घातलेल्या चादरीवरून माशी घसरते, असं आम्ही म्हणायचो. बाई कडक. स्वतःच्या अंगावर सुरकुती नाही, एप्रनवर ठिपका नाही. मिठीत घेतलेल्या मुलाने खांद्यावर लाळ गाळली तरी ती आधी खांदा पुसायची, मग मुलाला. गल्लीतल्या प्रत्येकाचे डाग तिला ठाऊक होते, कुणाच्या उशीवर लिपस्टिक, कुणाच्या गादीवर काय. पण तिच्या तोंडून एक अक्षर कधी बाहेर पडलं नाही. मी हरतऱ्हेने प्रयत्न केला. बाई पेपरमिंट घेऊन निघून जायची.

नाटकगृहाच्या झालरीच्या कॉलरी तिच्याकडे इस्त्रीला येत आणि कुनी त्या पोचवायला जाई. एकदा नाटकातल्या भालेवाल्यांपैकी एक जण पिऊन आडवा झाला, कुणीतरी कुनीच्या हातात भाला दिला, आणि तिथून हा किडा त्याच्या डोक्यात शिरला. भाले धरता धरता त्याला वाक्यं मिळाली. "गाडी दाराशी आहे, महाराज." एवढंच. पण हे एवढं म्हणतानाही कोलोन तोंडातून बाहेर पडे. आम्ही इथे 'ग'चा 'य' करून बोलतो, आणि राजवाड्यातला नोकर असं बोलायला लागला की मागच्या रांगा खदखदतात. मग तो एका म्हाताऱ्या बाईंकडे उच्चार शिकायला जाऊ लागला. दातांत बूच धरायचं आणि बोलायचं. गल्लीतूनही तो बूच धरून पुटपुटत जायचा.

ड्रोसियस दारातून ओरडायचा, "काय रे कुनी, नुसतं बूच चावून चढते का? आत ये, बाटली देतो."

कुनी बूच काढून अदबीने म्हणायचा, "तुझ्या बाटलीपेक्षा बुचालाच जास्त चव आहे, ड्रोसियस." तेव्हा सगळे हसत. असं चालायचं, आणि ते ठीक होतं.

मग सिनेमे. त्या काळी आमचे खुनाचे सिनेमे झाडून सगळे लंडनमध्ये घडत. म्हणजे चित्रण हॅम्बुर्गच्या गोदामात, पण धुकं लंडनचं; ते एक माणूस कोपऱ्यात बादली पेटवून तयार करायचा. बटलर, सर, लॉर्ड, सगळे इंग्रज, आणि सगळे अस्सल जर्मन बोलणारे. जर्मन माणूस जर्मनीत खून करतो असं दाखवायची कुणाची छाती नव्हती. लोकांनी उगाच आपापल्या शेजाऱ्याकडे बघितलं असतं.

या सिनेमांत कुनी प्रेत असायचा. नदीत सापडलेलं, ट्रंकेतलं, लिफ्टचं दार उघडल्यावर पुढे कोसळणारं. त्याचा गुण असा की डोळे उघडे ठेवून तो पापणी हलवायचा नाही; दिग्दर्शक दिवा डोळ्यांवर आणायचा तरी नाही. त्याचं नाव पडद्यावर कधी येत नसे, तरी आम्ही सगळे बघायला जायचो. बिलामावशीही जायची आणि चिडून परत यायची. मुलगा मेला म्हणून नव्हे, त्याच्यावर टाकलेली चादर चुरगळलेली होती म्हणून.

ड्रोसियसने त्याचं स्वागत ठरवूनच टाकलं होतं. "ये रे मुडद्या, आज जिवंत आहेस तर एक घे." यालाही कुनी हसायचा. पण एकदा माझ्या खिडकीशी उभा राहून म्हणाला, "मला एकदाच शेवटपर्यंत जगायचंय. एका गोष्टीत. लोक उठून कोट घालायला लागेपर्यंत."

आणि तशी वेळ आली. टीव्ही केंद्राने सहा भागांची एक खुनाची मालिका काढली, 'जांभळा हातमोजा'. तुम्ही त्या दिवसांत इथे असतात तर कळलं असतं. मालिकेच्या संध्याकाळी ट्राम रिकाम्या धावत, नाटकगृहं ओस पडत, आणि एकाच्या टीव्हीसमोर बारा घरांच्या खुर्च्या. खुनी कोण, यावर नवरा-बायको अबोला धरत. संशयित होते कर्नल, विधवा, पाद्र्याची बहीण, पशुवैद्य आणि भाची. कुनीला औषधाच्या दुकानातल्या मदतनिसाचं काम मिळालं. चांगली तीन भागभर वाक्यं, मग चौथ्या भागात गळा आवळून खलास. पण ते काम त्याने असं केलं, की केंद्रावरच्या साहेबांनी त्याला बोलावून सांगितलं: पुढच्या मालिकेत इन्स्पेक्टरच्या साहाय्यकाची भूमिका तुझी. पहिल्या प्रसंगापासून शेवटच्या प्रसंगापर्यंत, जिवंत, छत्रीसकट. अट एकच. 'हातमोज्या'तला एक शब्द बाहेर फुटता कामा नये. ज्याच्यामुळे फुटेल त्याला आमचं दार बंद.

कुनीने हे मला सांगितलं आणि मी ते सगळ्यांना सांगितलं, म्हणजे गल्लीत एकही माणूस असा नव्हता ज्याला त्या पोराचं काय पणाला लागलंय हे ठाऊक नव्हतं. तरीही लोकांनी त्याला छळलं. खाटकाने त्याला यकृताचं सॉसेज फुकट देऊ केलं. पाद्रीबाबांनी पापनिवेदनाच्या खोक्यात, देवाशपथ, जाळीतून विचारलं. कुनी सगळ्यांना एकच उत्तर द्यायचा की मी चौथ्यातच मेलो, मेलेल्याला पुढची पानं कोण देतं. आणि ते खरं होतं. शेवटच्या भागाची पानं ज्याची त्याला, चित्रणाच्या दिवशी, तीही संध्याकाळी परत घेऊन. पण खरं बोलणाऱ्यावर विश्वास ठेवायला माणूस मुळात साधा असावा लागतो. आमचे लोक हुशार.

शेवटच्या भागाच्या आदल्या संध्याकाळी आमच्या कार्निव्हल मंडळाची बैठक होती; कार्निव्हल म्हणजे उपासाच्या दिवसांआधीचा आमचा सोंगांचा शिमगा. वर व्यासपीठावर अकरा जणांचं मंडळ पिसांच्या टोप्या घालून, मध्यभागी अध्यक्ष डॉक्टर ओव्हेराथ. हे डॉक्टर औषधाचे नव्हेत, कायद्याचे. नाझींच्या त्या बारा वर्षांत ते खास न्यायालयात न्यायाधीश म्हणून बसत. आमच्याच मागच्या गल्लीतल्या एका मोलकरणीला परदेशी रेडिओ ऐकल्याबद्दल त्यांनी जिवाला मुकवलं. हे सगळ्यांना माहीत होतं. नंतर त्यांना पूर्ण पेन्शन मिळाली, आणि आम्ही त्यांना पिसांची टोपी दिली. त्यांच्याविषयी माझ्या खिडकीशी येऊन कुणी आवाज खाली आणल्याचं मला आठवत नाही.

भाषणाला ड्रोसियस. पिंपात उभं राहून, यमकात, गावातल्या भानगडींवर बोलायचं, आणि प्रत्येक टोल्याला बँडने तुतारी फुंकायची. ड्रोसियसचं भाषण चांगलं असे, पण त्याला संपवता येत नसे. आणि आमच्याकडे भाषण चालू असताना उठायचं नाही म्हणजे नाही. टेबलं अशी चिकटून की एक उठला तर सोळा जणांना गुडघे वळवावे लागतात, दारं बंद, आणि कुणी हललाच तर अध्यक्ष घंटा वाजवून सगळ्या सभेसमोर त्याची खिल्ली उडवतात. लोक घामाघूम होतात, पिवळे पडतात, पण बसून राहतात.

ड्रोसियसने त्या दिवशी 'हातमोज्या'चे संशयित घेतले. कर्नलवर आठ ओळी, तुतारी. विधवेवर आठ ओळी, तुतारी. पाद्र्याच्या बहिणीवर बारा, कारण त्या ओळी सभ्य नव्हत्या. मग पशुवैद्य. तो म्हणाला, खुनी हाच, मी माझ्या पिंपाची शपथ घेतो. अहो, विधवेच्या वेळीही त्याने पिंपाचीच शपथ घेतली होती. पण त्याच क्षणी सभागृहाच्या मध्यभागी कुनी उठून उभा राहिला. नाटकगृहातून मागून आणलेला लांब चौकटीचा झगा त्याच्या अंगावर होता. तो त्याने दोन्ही हातांनी पूर्ण पसरला, पडदा उघडावा तसा, क्षणभर तसाच थांबला, आणि शेजारी बसलेल्या आईला घेऊन लोकांचे गुडघे तुडवत मागच्या दाराने निघून गेला.

मग कुणीतरी म्हणालं, "म्हणजे पशुवैद्य!" आणि असा गलका झाला की भाचीवरच्या ओळी कुणी ऐकल्याच नाहीत. ओव्हेराथ घंटा बडवत राहिले.

सभेत स्वयंपाक्याचं सोंग घेऊन एक पेपरवाला बसला होता. सकाळी माझ्याच टपरीवर गठ्ठा आला, पहिल्या पानावर बोटभर जाडीची अक्षरं: पशुवैद्यच खुनी, नटाने भर सभेत खूण केली. आणि संध्याकाळी मालिकेत खरोखरच पशुवैद्य निघाला.

त्यानंतर देशात जो संताप उसळला, तो मी माझ्या आयुष्यात दुसऱ्या कुठल्या कारणासाठी पाहिला नाही. खरं सांगतो, शहर बेचिराख झालं तेव्हा लोक इतके चिडले नव्हते. शिक्षिका रडल्या. केंद्राच्या फोनवर शिव्यांची रांग लागली. माझ्या टपरीसमोर सभ्य माणसं, मुलांना शाळेत सोडून आलेली, म्हणत होती की अशा माणसाला भिंतीशी उभं करून गोळी घातली पाहिजे. भिंतीशी! ज्यांनी भिंतीशी उभं केलेलं पाहिलं होतं तीच माणसं. चोर सोडून संन्याशाला सुळी द्यायची आमची सवय जुनी, पण इथे चोरांनी स्वतःच सुळी धरली होती.

आणि ड्रोसियस? त्याने एक वाक्य बोलायचं होतं. लोकहो, मी पाचही जणांना खुनी म्हणणार होतो, त्यातला एक बरोबर येणारच होता. एवढं बोलला असता तर अर्धा गलका तिथेच बसला असता. पण त्याच्या दुकानात त्या आठवड्यात उभं राहायला जागा नव्हती, लोक लांबून लांबून त्याला बघायला येत होते. कुणी विचारलं, तुला आधी ठाऊक होतं का, की तो ग्लास पुसत एक डोळा मिटायचा. "सगळंच कसं सांगू, बाबा." त्या मिटलेल्या डोळ्याने पोराचा गळा हातमोज्यापेक्षा चांगला आवळला.

ओव्हेराथसाहेबांनी पुढच्या बैठकीत गंभीर आवाजात सांगितलं, की ज्याला खेळातलं गुपित राखता येत नाही तो देशाच्या काय कामाचा. टाळ्या पडल्या. गुपितं राखण्याच्या बाबतीत साहेबांचा अधिकार मोठा होता, हे मी मान्य करतो. केंद्रावरचे साहेब आणि ते एकाच स्किटल्सच्या क्लबात लाकडी चेंडू टाकायला जात. तिथेही ते बोलले असणार, कारण दुसऱ्याच दिवशी फोन आला.

फोन आला माझ्या टपरीत. लीसेमांच्या घरी फोन नव्हता. मी पोराला बोलावून आणलं आणि पेपर रचत बसलो. माझी टपरी पाच पावलांची, कान झाकून कुठे जाणार?

"हो साहेब, मीच उठलो," कुनी म्हणाला. मग ऐकत राहिला. "नाही साहेब, मला माहीतच नव्हतं. मी चौथ्यात मेलो ना." पुन्हा बराच वेळ. "लघवीला उठलो होतो." पलीकडचा आवाज आता मलाही ऐकू येत होता, शब्द नव्हेत, पण सूर. कुनीने फोनची वायर बोटाला गुंडाळली. "झग्याचं... झगा का पसरला, ते सांगता येणार नाही. कारण आहे साहेब, पण ते माझं नाही." मग म्हणाला, "हो. समजतंय मला, कुठली भूमिका ती." आणि शेवटी, अगदी बूच चावून कमावलेल्या स्वच्छ उच्चारात, "तो हॅम्बुर्गचा नट चांगला आहे. तो चांगली करेल."

फोन ठेवल्यावर मी त्याच्यावर उखडलो. म्हटलं, गाढवा, झग्याला आग लागली म्हणायचंस, टाचणी टोचली म्हणायचंस. खोटं बोलायची शिकवणी घेतोस आणि एक खोटं सुचेना?

तो म्हणाला, "सुचली की तीन-चार. पण ते पुन्हा पुन्हा विचारत राहिले असते, मग पेपरवाले आले असते, मग शेजारी कोण बसलं होतं ते विचारलं असतं. आता नाही विचारणार. आता मी चोर ठरलो, प्रश्न संपला." मला तेव्हा हे काही कळलं नाही. तो पुढे एवढंच म्हणाला, "आईला सांगू नकोस फोन कशाबद्दल होता ते."

आईला त्याने सांगितलं, की उच्चारांमुळे भूमिका गेली. बिलामावशीने त्या बूचवाल्या बाईंच्या सात पिढ्या काढल्या आणि त्यांचे टेबलक्लॉथ घेणं बंद केलं.

हे एवढ्यावर थांबलं असतं तरी मी म्हटलं असतं, जाऊ दे. पण कार्निव्हलचा शेवट व्हायचा होता. त्या दिवसांत आमच्या प्रत्येक बिअरच्या दुकानावर एक गवताचा माणूस टांगतात, आणि शेवटच्या संध्याकाळी त्याच्यावर खटला चालवून त्याला जाळतात. कुणी जास्त प्यायला, कुणी बायकोला फसवलं, सगळ्याचा दोष त्याचा. दोषी कोण? गवत्या! ही आमची पद्धत आणि मला ती आवडते, कारण गवताला नाव नसतं. त्या वर्षी ड्रोसियसने गवताला चौकटीचा झगा शिवला, लांबोडका चेहरा काढला आणि उघडे डोळे रंगवले. शर्ट मात्र खरा घातला. आणि तो शर्ट, मित्रांनो, त्याने इस्त्रीला बिलामावशीकडे पाठवला.

तिने तो केला. कॉलरला खळ लावून. ड्रोसियसचा म्हणून, घडी घालून, वर कागद लावून दिला.

त्या संध्याकाळी मी टपरी बंद करून घरी बसलो. खिडकीतून ओरडा ऐकू येत होता, दोषी कोण, दोषी कोण. उत्तरात कुनीचं नाव घेणारी माझीच गिऱ्हाईकं होती, रोज सकाळी मला नमस्कार करणारी. राखेचा बुधवार, उपासाचा पहिला दिवस, उजाडला तेव्हा सगळे कपाळावर राख लावून चर्चमधून निर्मळ होऊन बाहेर आले, आणि कुनी बॅग घेऊन म्युनिकच्या गाडीत बसला.

तिथे त्याला कुणी जिवंत इन्स्पेक्टर केलं नाही. भर सभेत खूण करणारा नट म्हणून त्याचं नाव पोचलंच होतं, तेव्हा खुन्याचीच कामं मिळाली, ज्याला शेवटी बेड्या पडतात. ती त्याने इतकी चांगली केली की पुढे दुसरं कुणी काही मागेना. दर महिन्याला आईला भेटायला यायचा. गल्लीतले लोक त्याच्याकडे सह्या मागायचे, हो, तेच लोक. सही घेऊन चार पावलं गेले की आवाज खाली.

मात्र बिलामावशीसमोर कुणी कधी एक शब्द काढला नाही. एवढी लाज होती, किंवा इस्त्री दुसरीकडे महाग होती. आणि पेपर ती वाचत नसे, नुसता कपड्यांना गुंडाळायला नेई. त्यामुळे सगळ्या कोलोनला ठाऊक असलेली गोष्ट त्या एका बाईला ठाऊक नव्हती, एकोणीसशे पंच्याहत्तरच्या उन्हाळ्यापर्यंत.

त्या दिवशी ड्रोसियस माझ्या खिडकीशी उभा राहून गल्लीत नव्याने आलेल्या चष्मेवाल्याला किस्सा सांगत होता. मी डोळ्यांनी खुणावत होतो, पण त्याची पाठ होती. "मी म्हणालो पशुवैद्य, आणि हा पठ्ठ्या उठला, असा!" म्हणून त्याने दोन्ही हात पसरले. वळला तर मागे बिलामावशी, हातात टोपली.

"कुठल्या नावाला उठला?" तिने विचारलं.

"जाऊ द्या हो मावशी, जुनी गंमत."

"मी काय विचारलं?"

"पशुवैद्याच्या," ड्रोसियस म्हणाला. मग, उगाच जास्त बोलण्याची त्याची खोड, "त्यावरूनच तर ती भूमिका गेली त्याची. म्हणजे, केंद्राने काढली. तुम्हाला ठाऊकच असेल."

"मला उच्चारांमुळे म्हणाला."

चष्मेवाला बिचारा सिगारेट न घेताच निघाला. बिलामावशीने टोपली खाली ठेवली, एप्रन सरळ केला. तिचं वय तेव्हा ऐंशीच्या घरात. माझ्याकडे बघून म्हणाली, "हे सगळ्यांना माहीत होतं? तुलाही?" मी हो म्हटलं. फोनचंही सांगितलं, झग्याचा प्रश्न, त्याचं उत्तर, सगळं. ती ऐकत राहिली. तिचा चेहरा मी कधी असा पाहिला नव्हता. रागाने चादरीसारखा पांढरा पडलेला.

"ड्रोसियस," ती म्हणाली, "तुझं भाषण किती लांबलं होतं, आठवतं?"

"चांगलं होतं म्हणूनच लांबलं, मावशी."

"कर्नलच्या वेळेपासून मी मांड्या आवळून बसले होते. दारं बंद, वर तो न्यायाधीश घंटा घेऊन."

मग तिने उरलेलं सांगितलं, मोठ्याने, रस्त्यावर, आवाज जराही खाली न आणता. येणारेजाणारे थांबले, त्यांनाही ऐकू दिलं. आणि मला म्हणाली, "तू तर सगळंच सांगत असतोस लोकांना. हेही सांग. मी मेल्यावर नको, आजपासून." म्हणून मी सांगतोय, आणि जो येईल त्याला सांगत राहणार.

खरं एवढंच आहे. भाषण संपेना आणि बिलामावशीचा घागरा बसल्या जागी भिजला. तिने मुलाची बाही ओढली. कुनी उठला तो डाग कुणाला दिसू नये म्हणून तिच्यापुढे झगा धरायला आणि तिला बाहेर न्यायला. तेव्हा पिंपात कुणाचं नाव चाललंय हे त्याने ऐकलंही नव्हतं. खुनी पशुवैद्य होता, हे त्याला दुसऱ्या दिवशी पेपरात वाचून कळलं.